साक्षी जुळत नाहीत, तरी जन्मठेप कशी?

खुनाच्या खटल्यातील अपिलाबद्दल मागील अंकात या सदरात ओझरता उल्लेख आला होता. त्यावर नाशिक शहरातून आणि जिल्ह्यातून बरीच पत्रे आली. बहुतेकांचा रोख एकाच गोष्टीवर आहे : पुरावा परस्परविरोधी असेल, तर उच्च न्यायालय काय करते? त्यांपैकी पाच पत्रांना येथे उत्तरे देत आहे. पत्रलेखकांची नावे आणि ओळख पटू शकेल असे तपशील गाळले आहेत.

प्रश्न : वकीलसाहेब, सप्रेम नमस्कार. मी निफाड तालुक्यातील शेतकरी आहे. बांधाच्या वादातून झालेल्या मारामारीत एकाचा मृत्यू झाला आणि माझ्या चुलत भावाला सत्र न्यायालयाने जन्मठेपेची शिक्षा दिली. मयताची पत्नी कोयत्याने तीन वार केले असे सांगते, मयताचा भाऊ एकच वार सांगतो. शवविच्छेदन करणाऱ्या डॉक्टरांनी डोक्यावरची जखम बोथट हत्यारानेही होऊ शकते असे सांगितले. जप्तीचा पंच फितूर झाला. कोयत्यावर मानवी रक्त आहे, पण रक्तगट ठरत नाही, असा अहवाल आहे. इतके सगळे उलटसुलट असताना शिक्षा झालीच कशी, आणि ती उच्च न्यायालयात टिकेल का?

उत्तर : शिक्षा टिकेल की नाही, हे निकालपत्र आणि साक्षी वाचल्याशिवाय सांगणे म्हणजे आपल्याला खोटी आशा किंवा खोटी भीती दाखवणे होईल, आणि त्यातले काहीही मी करणार नाही. मात्र आपण लिहिलेल्या एकेका विसंगतीकडे उच्च न्यायालय कोणत्या नजरेने पाहते, हे मला सांगता येईल. ते कळले, की आपल्या वकिलांशी कोणत्या मुद्द्यावर बोलायचे हेही आपल्याला कळेल.

साक्षीदारांच्या सांगण्यात फरक पडला की खटला कोसळतो, अशी समजूत गावोगाव आहे. न्यायालय फरक किती आहेत ते मोजत बसत नाही, फरक कशाबद्दल आहे ते पाहते. वार तीन की एक, वेळ साडेसहाची की सातची, आरोपीचा सदरा पांढरा की मळकट, हे तपशिलातले फरक झाले. ज्या बाईच्या डोळ्यांदेखत नवरा बांधावर कोसळतो, ती वार मोजत उभी राहत नाही. सर्वोच्च न्यायालयाने १९८३ मध्ये भरवाडा भोगीनभाई हिरजीभाई विरुद्ध गुजरात राज्य या प्रकरणात (तो खटला खुनाचा नव्हता, पण तत्त्व सर्व फौजदारी खटल्यांना लागू पडते) हे फार समजूतदारपणे सांगितले आहे. साक्षीदाराचे मन म्हणजे पुन्हा लावून पाहता येणारी चित्रफीत नाही. एकच प्रसंग दोघांच्या मनावर वेगवेगळा उमटतो. वेळेचा आणि अंतराचा अंदाज माणसे ढोबळमानानेच करतात. आणि न्यायालयाच्या वातावरणात, उलटतपासणीच्या माऱ्याखाली, साधा माणूस गोंधळतो. मी यात माझ्या अनुभवाची भर घालतो. घटनेनंतर तीन वर्षांनी साक्षीदाराच्या पिंजऱ्यात आलेले दोन नातेवाईक जेव्हा वारांची संख्या, क्रम आणि अंतर शब्दाला शब्द लावून सारखे सांगतात, तेव्हा ते पढवलेले असावेत अशी शंका मला जास्त येते. त्यामुळे तीन वार आणि एक वार या फरकावर आपण फार भिस्त ठेवू नये.

गाभ्यावर आघात करणारी विसंगती वेगळी असते. समजा, मयताच्या पत्नीने पोलीस जबाबात सांगितले होते की आरडाओरड ऐकून ती घरातून धावत आली आणि तिला नवरा पडलेला दिसला. आणि न्यायालयात ती सांगते की वार होताना तिने समोरून पाहिला. हा फरक वारांच्या संख्येचा नाही, ती तेथे होती की नव्हती याचा आहे, आणि तो खरा ठरला तर प्रत्यक्षदर्शी साक्षीदारच उरत नाही. म्हणून आपल्या वकिलांना पहिला प्रश्न हा विचारा : दोन्ही साक्षीदारांनी पोलिसांपुढे प्रथम काय सांगितले होते, आणि प्रथम खबरीत त्यांची नावे आहेत का?

येथे एक तांत्रिक गोष्ट मला सविस्तर सांगायची आहे, कारण माझ्या मते अपिलातल्या निम्म्या निराशेचे मूळ तिच्यात आहे. पोलिसांपुढचा जबाब हा स्वतः पुरावा नसतो. त्याच्यावर साक्षीदाराची सही घेतली जात नाही, आणि आरोपीच्या वकिलांना तो फक्त साक्षीदाराच्या आताच्या बोलण्यातली विसंगती दाखवण्यासाठी वापरता येतो. त्यासाठी दोन पायऱ्या चढाव्या लागतात. उलटतपासणीत जबाबातला नेमका मजकूर साक्षीदाराला दाखवून विचारावे लागते, की तुम्ही असे सांगितले होते का. तो नाही म्हणाला, तर त्या मजकुराला 'अ', 'ब' अशी खूण केली जाते. पुढे जबाब नोंदवणारे तपासी अंमलदार साक्षीला येतात, तेव्हा त्यांना विचारून घ्यावे लागते, की 'अ' खुणेचा मजकूर या साक्षीदाराने आपल्याला सांगितला होता आणि आपण तो तसाच लिहून घेतला. अंमलदारांनी हो म्हटले, की विसंगती शाबीत होते. जबाबात नसलेली महत्त्वाची गोष्ट साक्षीदाराने न्यायालयात प्रथमच सांगितली असेल, तर तीही विसंगती ठरू शकते, हे सर्वोच्च न्यायालयाने १९५९ मध्ये तहसीलदार सिंग प्रकरणात विस्ताराने तपासले आहे. पण तेथेही अंमलदारांना विचारणे चुकत नाही.

ही दुसरी पायरी मी स्वतः एकदा चुकलो आहे. वकिलीच्या चौथ्या वर्षात होतो. मुख्य साक्षीदाराने जबाबात आरोपीचे नाव घेतले नव्हते, न्यायालयात मात्र घेतले. मी तिला विचारले, ती ठामपणे म्हणाली, "मी नाव सांगितलं होतं, पोलिसांनी का लिहिलं नाही ते मला माहीत नाही." त्यानंतर आठ महिन्यांनी तपासी अंमलदारांची साक्ष झाली. त्या दिवशी माझे सगळे लक्ष पंचनाम्यातल्या वेळांवर होते आणि तो एक प्रश्न विचारायचा राहून गेला. उच्च न्यायालयात आमच्या ज्येष्ठ वकिलांनी हाच मुद्दा पहिला मांडला. न्यायमूर्तींनी कागदपत्रांचा गठ्ठा चाळून अंमलदारांची साक्ष काढली, दोनदा वाचली आणि विचारले, "हे शाबीत कुठे झाले आहे?" उत्तर नव्हते. जबाबाच्या कागदावर समासात माझ्याच हाताची तांबड्या पेन्सिलीची खूण होती; कायद्याच्या दृष्टीने तिला काही किंमत नव्हती. त्या अपिलात आरोपी दुसऱ्या कारणाने सुटला, पण तोवर त्याने आणखी चार वर्षे तुरुंगात काढली होती. तेव्हापासून माझ्याकडे नव्याने येणाऱ्या प्रत्येक वकील मुलामुलीला मी अंमलदारांच्या साक्षीआधी सगळ्या खुणांची यादी स्वतंत्र कागदावर करायला लावतो. आपल्या भावाच्या खटल्यात ही पायरी झाली आहे का, हे अंमलदारांची साक्ष वाचून एका तासात समजेल.

आता डॉक्टरांच्या साक्षीबद्दल. प्रत्यक्षदर्शी साक्षीदार एक सांगतो आणि वैद्यकीय पुरावा दुसरे दाखवतो, तेव्हा विश्वासार्ह प्रत्यक्ष साक्षीला अधिक वजन असते. मात्र साक्षीदार सांगतो तसे घडणे वैद्यकीय पुराव्याने अशक्यच ठरत असेल, तर साक्ष मागे पडते. सोलंकी चिमणभाई उकाभाई विरुद्ध गुजरात राज्य या १९८३ च्या निकालापासून हे सूत्र न्यायालये सातत्याने वापरतात. म्हणून डॉक्टर 'होऊ शकते' म्हणाले की 'कोयत्याने होणारच नाही' म्हणाले, हा फरक निर्णायक आहे. आपल्या पत्रावरून ते पहिले म्हणाले असे दिसते. डोक्याची कातडी कवटीच्या हाडावर ताणलेली असते, त्यामुळे दांडक्याच्या फटक्यानेही ती अशी उकलते, की जखम धारेने कापल्यासारखी वाटावी. ती ओळखायची तर कडा भिंगाखाली पाहाव्या लागतात : कडा ठेचलेल्या आहेत का, केसांची मुळे चिरडली आहेत की सरळ कापली गेली आहेत, जखमेच्या तळाशी तंतूंचे पूल शिल्लक आहेत का. शवविच्छेदन अहवालात या गोष्टी लिहिल्या असतील, तर आपल्या बाजूला धरायला जागा आहे. नुसते 'डोक्यावर जखम, लांबी इतकी, रुंदी इतकी' असे लिहिले असेल, तर दोन्ही बाजूंना तो अहवाल ओढता येईल.

सरकार पक्ष कदाचित म्हणेल, की कोयत्याच्या उलट्या बाजूने मारले असेल. त्याला उत्तर आहे. हल्लू विरुद्ध मध्य प्रदेश राज्य या १९७४ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले आहे, की साक्षीदार कुऱ्हाड किंवा भाला वापरला असे सांगतो, तेव्हा त्याच्या मनात हत्याराची बोथट बाजू होती असे आपण होऊन गृहीत धरता येत नाही. तसे असेल, तर सरकार पक्षाने साक्षीदाराकडून ते वदवून घेतले पाहिजे. दोन्ही साक्षीदारांना हा प्रश्न विचारला गेला होता का, ते पाहा.

पंच फितूर होणे आणि रक्तगट न ठरणे यांनी खटला कमकुवत होतो, पण चांगला प्रत्यक्षदर्शी साक्षीदार असेल तर तेवढ्याने पडत नाही. रक्तगट ठरत नाही असा अहवाल आरोपीच्या बाजूचाही नसतो आणि विरुद्धही नसतो. पंच फिरला तरी जप्तीबद्दल तपासी अंमलदारांची साक्ष विश्वास ठेवण्याजोगी असेल, तर न्यायालय ती स्वीकारू शकते.

उच्च न्यायालय हे सगळे पुन्हा पहिल्यापासून वाचते. शिक्षेविरुद्धच्या अपिलात सत्र न्यायालयाच्या निष्कर्षावर केवळ शिक्का मारून भागत नाही, पुराव्याची स्वतंत्र छाननी करणे हे त्या न्यायालयाचे कर्तव्यच आहे. साक्षीचा काही भाग खोटा निघाला म्हणून उरलेला सगळा खोटा, हे तत्त्व आपल्याकडे मानले जात नाही. न्यायालय साक्ष सुपात घेऊन पाखडते, दाणे राहिले तर ठेवते, आणि दाणे व कोंडा वेगळे करताच येत नसतील तर सगळीच साक्ष बाजूला सारते. आपल्या भावाच्या बाबतीत आणखी एक शक्यता वकिलांना जरूर विचारा. अचानक उद्भवलेले भांडण, पूर्वतयारी नाही, आणि वार एकच, असे उच्च न्यायालयाला पटले, तर ज्या फरकाने आरोपी सुटत नाही, त्याच फरकाने कलम बदलू शकते, आणि खुनाऐवजी सदोष मनुष्यवधाची कमी शिक्षा होऊ शकते. 'तीन की एक' या विसंगतीचा खरा उपयोग मला तेथे दिसतो. अपिलाची मुदत ६० दिवसांची असते. निकालाची प्रत मिळवण्यात गेलेला काळ त्यातून वगळला जातो.

प्रश्न : मी सातपूरला राहते. माझी धाकटी बहीण सासरी जळून गेली. रुग्णालयात नेल्यावर तिने डॉक्टरांना स्टोव्हचा भडका उडाला असे सांगितले. दुसऱ्या दिवशी नायब तहसीलदारांपुढे मात्र नवऱ्याने रॉकेल ओतून पेटवले असा जबाब दिला, आणि चौथ्या दिवशी ती गेली. सत्र न्यायालयाने नवऱ्याला जन्मठेप दिली, उच्च न्यायालयाने दोन जबाब जुळत नाहीत म्हणून सोडून दिले. मरणारे माणूस खोटे बोलते का?

उत्तर : ताई, आपले पत्र मी अनेकदा वाचले. आधी एक स्पष्ट करतो : उच्च न्यायालयाने आपल्या बहिणीला खोटे ठरवलेले नाही. दोन जबाबांपैकी कोणता खरा, हे संशयापलीकडे ठरवता आले नाही, एवढाच त्या निकालाचा अर्थ आहे. आपल्या दुःखावर याने फुंकर बसणार नाही, हे मला कळते.

मृत्युपूर्व जबाबावर उलटतपासणी होऊ शकत नाही. बोलणारी व्यक्ती नसते, म्हणून तिच्या शब्दांची पारख आजूबाजूच्या परिस्थितीवरून करावी लागते. खुशाल राव विरुद्ध मुंबई राज्य या नागपूरच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९५७ मध्ये सांगितले, की असा जबाब विश्वासार्ह असेल, तर दुसऱ्या कोणत्याही पुराव्याच्या आधाराशिवाय केवळ त्यावर शिक्षा होऊ शकते. त्या खटल्यातही एकाहून अधिक जबाब होते. खुशालच्या नावाबाबत ते जुळत होते, म्हणून त्याची शिक्षा कायम राहिली. दुसऱ्या आरोपीच्या नावाची आणखी माणसे असल्याने ओळखीचा घोळ उरला आणि तो सुटला. तेच जबाब एका माणसाबाबत पुरेसे ठरले, दुसऱ्याबाबत अपुरे.

जबाब परस्परविरोधी असले, तर पहिलाच खरा किंवा शेवटचाच खरा, असा नियम नाही. न्यायालय विचारते : पहिल्या जबाबाच्या वेळी खाटेजवळ कोण होते? तिला रुग्णालयात आणणारा नवराच होता का? दुसऱ्या जबाबाआधी माहेरची माणसे तिच्याशी किती वेळ एकटी होती? भाजण्याचे प्रमाण किती होते, वेदनाशामक औषधांची गुंगी होती का, जबाब तिच्याच शब्दांत आहे की सरकारी भाषेत? ती शुद्धीवर असल्याचा डॉक्टरांचा दाखला नसला, तरी जबाब नोंदवणाऱ्याची तशी खात्री पटलेली असेल तर जबाब बाद होत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने २००२ मध्ये लक्ष्मण विरुद्ध महाराष्ट्र राज्य या प्रकरणात ठरवून दिले आहे.

माझे स्वतःचे मत असे आहे, की अशा प्रकरणांत पहिल्या तासात जे होते त्यावर पुढचे सगळे अवलंबून राहते, आणि त्या तासाकडे कोणाचेच लक्ष नसते. भाजलेली बाई आत आणली जाते, नवरा किंवा सासू सोबत असते, कामावरचे डॉक्टर घाईत विचारतात, "कसं भाजलं?" आणि जे उत्तर येते ते केसपेपरवर दोन शब्दांत लिहिले जाते : 'स्टोव्हचा भडका'. ते शब्द उपचारासाठी लिहिलेले असतात. पण न्यायालयात त्या दोन शब्दांना जबाबाचे वजन येते. घरी मागे राहिलेल्या मुलांचा विचार करून, किंवा समोर उभ्या असलेल्या माणसाच्या धाकाने, बाई काय बोलेल हे सांगायला कायद्याचे पुस्तक लागत नाही. म्हणून पहिल्या वेळी तेथे कोण हजर होते हे डॉक्टरांच्या आणि परिचारिकांच्या साक्षीतून नोंदीवर आणणे हे सरकार पक्षाचे काम असते. आपल्या खटल्यात ते झाले होते का, ते साक्षी वाचून तपासा. झाले असेल, आणि उच्च न्यायालयाने ते विचारात घेतले नसेल, तर तो मुद्दा भक्कम आहे.

पुढचा मार्ग सर्वोच्च न्यायालयाचा. राज्यघटनेच्या अनुच्छेद १३६ खाली विशेष परवानगी मागता येते. ती शासनाप्रमाणे आपल्यालाही मागता येते. मुदत निकालाच्या दिवसापासून ९० दिवसांची आहे. मात्र सुटकेच्या निकालात ते न्यायालय सहसा हात घालत नाही. पुराव्याचा वाचलेला अर्थ उघड विपरीत आहे, हे दाखवावे लागते.

प्रश्न : मी गंगापूर रोडवरील विधी महाविद्यालयात शिकते. साक्षीदार फितूर झाला की त्याची साक्ष पुसली जाते का?

उत्तर : नाही. साक्षीदाराला फितूर घोषित करणे म्हणजे त्याला बोलावणाऱ्या पक्षाला त्याची उलटतपासणी घेण्याची परवानगी मिळणे, इतकेच. १९७६ च्या भगवान सिंग विरुद्ध हरियाणा राज्य या निकालापासून हे पक्के आहे, की त्याच्या साक्षीतला जो भाग विश्वासार्ह आहे आणि इतर पुराव्याशी जुळतो, तो दोन्ही बाजूंना वापरता येतो. पुष्कळदा फितूर साक्षीदार आरोपीला ओळखत नाही म्हणतो, पण घटना, वेळ आणि जागा कबूल करून जातो. तेवढे सरकार पक्षाच्या कामी येते. परीक्षेसाठी वडिवेलू थेवर (१९५७) हा निकालही वाचून ठेवा. साक्षीदार पूर्ण विश्वासार्ह, पूर्ण अविश्वासार्ह किंवा मधल्या वर्गातला असतो, आणि पुष्टी देणाऱ्या पुराव्याची खरी गरज त्या मधल्या वर्गाला लागते, ही मांडणी तेथे आहे.

प्रश्न : मी नाशिकरोडचा निवृत्त शिक्षक आहे. पुरावा तोच, कागद तेच, मग एक न्यायालय फाशी देते आणि दुसरे निर्दोष सोडते, हे कसे? सामान्य माणसाने कोणावर विश्वास ठेवायचा?

उत्तर : गुरुजी, सत्र न्यायाधीश साक्षीदाराला समोर पाहतात : तो कुठे अडखळला, कोणत्या प्रश्नाला त्याने मान खाली घातली. उच्च न्यायालयाच्या हाती फक्त लिहिलेले शब्द असतात, आणि आपल्या जिल्ह्यातील मराठी साक्षी तेथे बहुधा इंग्रजी भाषांतरातून वाचल्या जातात. 'मारलं' या एका शब्दाचे भाषांतर 'फटका दिला' असे होऊ शकते आणि 'ठार केले' असेही. 'विळा' आणि 'कोयता' यांना भाषांतरकार एकच इंग्रजी शब्द वापरून मोकळा होतो. मूळ साक्षीत नसलेली विसंगती अशी भाषांतरात जन्माला येते, आणि असलेली नाहीशीही होते. म्हणून मूळ मराठी साक्ष सोबत ठेवून अपील चालवणारा वकील मला अधिक भरवशाचा वाटतो.

दुसरे कारण मोजपट्टीचे आहे. शिवाजी साहेबराव बोबडे विरुद्ध महाराष्ट्र राज्य या १९७३ च्या निकालात न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी 'दोषी असू शकेल' आणि 'दोषी असलाच पाहिजे' यांतले अंतर फार मोठे आहे, असे बजावले. त्याच निकालात त्यांनी हेही बजावले, की प्रत्येक बारीकसारीक शंकेचा फायदा देत सुटल्यास समाजाचा न्यायावरचा विश्वास उडेल. या दोन वाक्यांच्या मधल्या जागेत न्यायाधीशाला निर्णय करावा लागतो, आणि तेथे दोन प्रामाणिक न्यायाधीशांचे मत वेगळे पडू शकते. सत्र न्यायालयाने सोडलेल्या आरोपीला वरच्या न्यायालयात जास्त संरक्षण असते, कारण निरपराधित्वाच्या गृहीतकावर सुटकेच्या निकालाने आणखी एक थर चढलेला असतो. दोन मते शक्य असतील, तर केवळ आपले मत वेगळे आहे म्हणून सुटका फिरवायची नाही, हे चंद्रप्पा विरुद्ध कर्नाटक राज्य (२००७) मध्ये सूत्ररूपाने सांगितले आहे.

आपला प्रश्न फाशीचा आहे, म्हणून महाराष्ट्रातले एक प्रकरण सांगतो. घटना २००३ मधली, आरोपी सहा, सगळे भटक्या जमातीतले गरीब मजूर. सत्र न्यायालयाने सहाही जणांना फाशी दिली, उच्च न्यायालयाने तिघांची कायम करून तिघांना जन्मठेप दिली, आणि २००९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने पुन्हा सहाही जणांना फाशी दिली. पुरावा मुख्यतः हल्ल्यातून बचावलेल्या साक्षीदारांनी न्यायालयात केलेल्या ओळखीचा होता. पण त्यांतल्या महत्त्वाच्या साक्षीदाराने तपासाच्या सुरुवातीला पोलिसांच्या छायाचित्रांतून वेगळ्याच चार माणसांना ओळखले होते, आणि त्या चौघांचा तपास पुढे गेलाच नाही. पुनर्विलोकनात हे सगळे नव्याने ऐकले गेले आणि ५ मार्च २०१९ रोजी सर्वोच्च न्यायालयाने आपलाच निकाल फिरवून सहाही जणांना निर्दोष सोडले, प्रत्येकी पाच लाख रुपये भरपाई देण्यास शासनाला सांगितले. सोळा वर्षे ती माणसे तुरुंगात होती. ज्या कुटुंबावर घाला पडला, त्यालाही खरे गुन्हेगार कधी मिळाले नाहीत. येथे विसंगती क्षुल्लक नव्हती, ती थेट 'कोणी केले' या प्रश्नाला भिडलेली होती, आणि तरीही तीन पायऱ्यांवर ती निसटली. हा निकाल मी विसरू शकत नाही, आणि कोणत्याही न्यायाधीशाने, वकिलाने किंवा तपासी अंमलदाराने तो विसरू नये असे मला मनापासून वाटते.

विश्वास कोणावर ठेवायचा, या आपल्या प्रश्नावर एवढेच सांगतो, की मी निकालपत्रातली कारणे वाचून विश्वास ठेवतो. विरुद्ध जाणारा पुरावा न्यायाधीशांनी समोर ठेवून तो का नाकारला हे लिहिले असेल, तर निकाल माझ्या मताविरुद्ध असला तरी मला मान्य होतो. तो पुरावा उल्लेखाशिवाय वगळला असेल, तर निकाल माझ्या बाजूचा असूनही मला अस्वस्थ करतो.

प्रश्न : माझा मुलगा नाशिकरोड मध्यवर्ती कारागृहात जन्मठेप भोगत आहे. अपील अजून दाखल झालेले नाही. तेव्हा भीतीने न बोललेला एक शेजारी आता खरे सांगायला तयार आहे. उच्च न्यायालय त्याचे ऐकेल का? वकिलाला द्यायला आमच्याकडे पैसे नाहीत.

उत्तर : अपिलात नवा पुरावा घेण्याचा अधिकार उच्च न्यायालयाला आहे, जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम ३९१ मध्ये तो होता आणि १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४३२ मध्ये तो आहे. मात्र तो क्वचित वापरला जातो. खटल्यात राहिलेली उणीव भरून काढण्यासाठी तो नाही, आणि इतक्या दिवसांनी साक्षीदार का बोलतो आहे याचे पटणारे कारण द्यावे लागते. शेजाऱ्यांना कोणीही काही पढवू नका, त्यांना आता भेटून पुन्हा पुन्हा बोलायला लावू नका. जे पाहिले ते त्यांनी एकदाच, प्रतिज्ञापत्रावर, स्वतःच्या शब्दांत सांगावे. त्यांचे म्हणणे आधीच्या साक्षींशी कुठे जुळते आणि कुठे विरोधात जाते, हे वकिलांनी शांतपणे तपासल्यावरच अर्ज करावा.

मुदत उलटून गेली असेल, तरी विलंब माफ करण्याचा अर्ज अपिलासोबत देता येतो; गरिबी आणि कैद ही कारणे न्यायालये समजून घेतात. अपील प्रलंबित असताना शिक्षा स्थगित करून जामीन मागता येतो, पण खुनाच्या शिक्षेत तो सहज मिळत नाही. पैशाची अडचण मात्र आड येऊ देऊ नका. कोठडीत असलेल्या माणसाला, उत्पन्न कितीही असले तरी, मोफत वकील मिळण्याचा हक्क विधी सेवा प्राधिकरण कायद्याने दिला आहे, आणि अपील तुरुंग अधिकाऱ्यांमार्फतही पाठवता येते. निकालपत्राची प्रत मुलाला विनामूल्य मिळालेली असली पाहिजे. ती त्याच्याकडे आहे का, हे पुढच्या मुलाखतीत विचारून घ्या. ती प्रत आणि खटल्याचा क्रमांक घेऊन जिल्हा न्यायालयाच्या आवारातील जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाच्या कार्यालयात जा. तेथे अर्ज करायला वकील सोबत असावा लागत नाही. लिहिता येत नसेल, तर अर्ज लिहून देण्यास तेथील कर्मचाऱ्यांना सांगा.